स्वयंपाकघरात पास झालेली चाल

तिरोडकरकाकांच्या घरी मी पहिल्यांदा गेले, तेव्हा त्यांनी मला दारातूनच परत पाठवलं. शेजारी नवीन कुटुंब राहायला आलंय, खोक्यांच्या पसाऱ्यात बिचारे चहा कुठून करणार, म्हणून मी किटली घेऊन गेले होते. दार उघडंच होतं. "चहा आणलाय हं," म्हणत मी आत शिरले, तर खोक्यावर बसलेल्या गृहस्थांनी हात वर केला. "थांबा, थांबा. एंट्री चुकली. चहा आणणारी बाई आधी दिसली पाहिजे, मग बोलली पाहिजे. परत या बघू." आणि मी, चांगली बँकेत नोकरी करणारी, दोन मुलांची आई, मुकाट्यानं किटलीसकट बाहेर गेले आणि परत आत आले. या वेळी त्यांनी तोंडानं सतारीचा एक तुकडा वाजवला. आतून बाईमाणसाचा आवाज आला, "अहो, त्यांना बसायला तरी सांगा! सिनेमा नंतर करा." त्या इंदुकाकू.

ही गोष्ट सत्याऐंशी-अठ्ठ्याऐंशीची. मीरा रोडला तेव्हा इमारती आधी आल्या होत्या. पाणी, रस्ते, दिवे मागाहून येणार होते. आम्ही लालबागची खोली सोडून पूनम सागरमध्ये तिसऱ्या मजल्यावर आलो, ते गिरगावातून आले. त्यांच्या आणि आमच्या स्वयंपाकघरांत एकच भिंत होती आणि ती बिल्डरनं बांधलेली, म्हणजे नावाचीच. त्यांच्या कुकरच्या शिट्ट्या मोजून मी माझा गॅस बंद करत असे.

काका मराठी सिनेमावाले. पडद्यावर कथा, पटकथा, संवाद आणि संगीत या चारही शब्दांपुढे अनंत तिरोडकर हे एकच नाव यायचं. "निर्मात्याची तीन जेवणं वाचायची," असं ते म्हणत. तरुणपणी कोल्हापुरात एका स्टुडिओत संवाद लिहायला लागले होते. सीन वाचून दाखवताना तोंडानं संगीतही द्यायची खोड. एकदा संगीतकाराचं निर्मात्याशी भांडण झालं आणि तो तबलेवाल्यासकट निघून गेला. निर्माता काकांना म्हणाला, "तोंडानं वाजवतोस तेच आता पेटीवर वाजव." तिथून पुढे त्यांना चालीशिवाय सीन सुचेना आणि सीनशिवाय चाल सुचेना. त्यांचं एक ठाम मत होतं. पात्र बोलतंय तेव्हा संगीतानं गप्प बसायचं, आणि संगीत बोलतंय तेव्हा पात्रानं. दोघं एकदम बोलायला लागले की प्रेक्षक उठून वडा खायला जातो.

हे तत्त्व ते सोसायटीच्या मीटिंगलाही लावायचे. पाण्याच्या टँकरवरून रणकंदन चाललेलं असे आणि काका मधेच उभे राहत. "सीन असा आहे. टँकर येतो. बादल्या धावतात. ज्योत्स्नाबेन सगळ्यांच्या पुढे. इथे फक्त ढोलकी. आता सेक्रेटरी बोलतील, ढोलकी बंद. बोला सेक्रेटरी." तळमजल्यावरच्या ज्योत्स्नाबेन हसून हसून लाल व्हायच्या आणि भांडण तिथल्या तिथे विरायचं. सेक्रेटरीला मात्र हे अजिबात आवडत नसे, कारण त्याच्याकडे बोलायला काही नसायचं.

त्यांचे काही सिनेमे चालले, बरेचसे आपटले. होडीवरचं एक गाणं मात्र असं चाललं की आजही लग्नात वाजतं. कुणाचं आहे हे कुणालाच ठाऊक नाही. एकदा काशीमीऱ्याला आम्ही रिक्षाची वाट बघत उभे होतो, ट्रकांची ही रांग लागलेली, आणि समोरून वरात आली. बँडवाले तेच गाणं वाजवत होते. काका सरळ वरातीत घुसले आणि क्लॅरिनेटवाल्याचा दंडच धरला. "वो आखिरी सुर छोड दो. वहाँ कुछ नहीं है. वहाँ चप्पू पानी में जाता है, आवाज नहीं होती." बँडमास्तर वैतागला. "चाचा, बीस साल से बजा रहे हैं ये गाना!" काका म्हणाले, "गलत बजा रहे हो बीस साल से." नवरदेव घोड्यावर ताटकळलाय, मागे हॉर्नचा गोंगाट, आणि हे गृहस्थ क्लॅरिनेटवाल्याकडून ती ओळ बसवून घेतायत. बसली. मग वरात पुढे गेली. "काका, सांगायचं तरी की गाणं तुमचं आहे," मी म्हटलं. "छे, मग त्यानं माझ्या भीतीनं बरोबर वाजवलं असतं," काका म्हणाले. घरी आल्यावर मात्र इंदुकाकूंना हा प्रसंग पार्श्वसंगीतासह दोनदा करून दाखवला.

इंदुकाकू म्हणजे त्यांची परीक्षा. हे आधी नीट सांगायला हवं, कारण पुढचं सगळं त्यावरच आहे. नवीन चाल सुचली की काका हॉलमध्ये पेटीवर ती सकाळभर वाजवायचे. गीतकाराचे शब्द मागाहून यायचे, म्हणून तोवर चालीवर घरातलेच शब्द बसवायचे. कोथिंबीर आणा, दूधवाला आला नाही, लेकीचं, वासंतीचं, पत्र का नाही. मग पेटी बंद. चालीबद्दल काकूंना चकार शब्द विचारायचा नाही. आरामखुर्चीत डोळे मिटून पडून राहायचं आणि स्वयंपाकघराकडे कान लावायचा. संध्याकाळपर्यंत काकू भाजी चिरताना, पोळ्या लाटताना आपल्याच नादात ती चाल गुणगुणल्या, तर चाल पास. मगच तिचं नोटेशन लिहायचं, मगच कॅसेटवर घ्यायची. नाही गुणगुणल्या तर नापास, आणि नापास चाल त्याच दिवशी विसरून टाकायची. ती डोक्यात राहिली तर पुढची नासवते, असं त्यांचं म्हणणं. "पडद्यावरची बाई काम करता करता गाते," ते म्हणायचे. "मग घरातल्या बाईला काम करता करता गाता आलं पाहिजे. नाही तर ते गाणं गवयाचं."

गंमत म्हणजे काकूंच्या तोंडी ते पहिले शब्दच कायमचे बसायचे. महाराष्ट्रानं ज्या होडीच्या गाण्यावर जीव टाकला, ते काकू आयुष्यभर 'मिरच्या नको गं, आलं आण जरासं' असंच म्हणत आल्या. भिंतीपलीकडून ते ऐकताना मला हसू आवरायचं नाही. बाई सुरेल वगैरे नव्हती. पण तिच्या तोंडून ऐकलं की गाणं आपल्या घरातलं वाटायचं.

नव्वद सालानंतर काकांचं काम आटलं. स्टुडिओत एकटा माणूस की-बोर्डवर सगळा वाद्यवृंद वाजवायला लागला. निर्माते काकांना नमस्कार करायचे, चहा द्यायचे, आणि विषय बदलायचे. काका त्याबद्दल कधी रडले नाहीत. ते एकच पटकथा परत परत लिहीत बसले. खाडीवर होडी चालवणाऱ्या एका बाईची. तिचा एकुलता मुलगा बोटीवर नोकरीला जातो आणि परत येत नाही. मुलासाठी अंगाई गाणारी ती बाई त्या दिवसापासून गायची थांबते. लोकांना अलीकडून पलीकडे सोडते, बोलते, हसते, पण गात नाही. शेवटी कुणाचं तरी झोपाळलेलं पोर होडीत तिच्या मांडीला टेकतं, आणि ती गाते. बस्स, एवढंच. सगळा सिनेमा तयार होता, सगळं संगीत तयार होतं. फक्त ती शेवटची अंगाई नव्हती. वर्षानुवर्षं काकांनी तिच्या चाली केल्या आणि स्वयंपाकघरानं त्या नापास केल्या.

मग भोईरशेठ आले. इथल्याच गावातले, जमिनीचे पैसे आलेले, काशीमीऱ्याला दोन गॅरेजं. कुणीतरी त्यांच्या डोक्यात मराठी पिक्चर काढायचं भरवलं होतं. काकांनी त्यांना घरी बोलावून अख्खा सिनेमा ऐकवला. आम्ही शेजारीपाजारीही जमिनीवर दाटीवाटीनं बसलो. काका सीन सांगायचे, संवाद म्हणायचे, एका हातानं पेटी, दुसऱ्या हातानं होडी. बाई घाटावर मुलाची वाट बघते तिथे त्यांनी पेटी सोडली आणि नुसते गप्प बसले. गळ्यात सोन्याची साखळी घातलेला तो धिप्पाड माणूस रुमालात तोंड लपवून रडायला लागला.

"मास्तर, माजी आय मिठागरान कामाला व्हती," तो म्हणाला. "ती बी अशीच बसाची. ह्यो पिक्चर आपन कराचा म्हंजे कराचा. पन शेवटचा गाना कुटं हाय?"

"तेवढंच राहिलंय," काका म्हणाले.

"दसऱ्याला मुहूर्त करू. तवर द्या."

त्या दिवशी काका दहा वर्षांनी लहान झाले. काकूंनी सगळ्यांना शिरा केला. काकांच्या आयुष्यातला हा शेवटचा सिनेमा होता, हे ते जाणून होते, आम्हीही जाणून होतो. तो व्हावा म्हणून इमारतीत नवस बोलले गेले होते, मला ठाऊक आहे.

त्यानंतर रोज सकाळी पेटी सुरू झाली. रोज नवी चाल, रोज नवे घरगुती शब्द. बँकेत जायच्या आधी मी भिंतीअलीकडे पोळ्या करताना ऐकायची. एक चाल तर इतकी गोड होती की माझा हात थांबला होता. 'टँकर आला गं दारी, घागर माझी रिकामी' असले काहीतरी शब्द. मी मनात म्हटलं, ही पास. पण संध्याकाळी काका जिन्यात भेटले ते मान हलवत. "नाही बोलली गं स्वयंपाकघरातून. एक सूर नाही."

असं कितीतरी दिवस चाललं. काका खुर्चीत डोळे मिटून बसायचे, आतून भांड्यांचे आवाज यायचे, गाणं यायचं नाही. ते स्वतःवर चिडायचे. हात गेला माझा, म्हणायचे, म्हातारा झालो, सुचत नाही. दुसऱ्या दिवशी आदल्या दिवसाची चाल पुसून नवी मांडायचे. काकू चहा आणून ठेवायच्या आणि काही न बोलता आत जायच्या. अलीकडे त्या बाजारातून येताना प्रत्येक मजल्यावर कुणाला तरी बोलायला लावून ऐकत उभ्या राहत. आम्हाला वाटे, मुलगी बेळगावला दिलेली, घर खायला उठतं, म्हणून थांबतात. ज्योत्स्नाबेन तर त्यांच्यासाठी जिन्यात मुद्दाम स्टूल ठेवायला लागल्या होत्या.

दसरा जवळ आला असताना एका सकाळी भिंतीपलीकडून पातेलं पडल्याचा आवाज आला. पेटी वाजतच होती. मी धावत गेले, तेव्हा काकू ओट्याला पाठ टेकून खाली बसल्या होत्या. ओठ निळे पडले होते, पायांवर सूज. कांबळे पहिल्या मजल्यावरून धावत आले आणि आम्ही त्यांना रिक्षात घालून भाईंदरच्या हॉस्पिटलात नेलं. डॉक्टर म्हणाले, हृदयाची झडप निकामी झालीय, आजची नाही, कित्येक महिन्यांची. यांना साधं बोलताना धाप लागत असणार, कुणाच्या लक्षात कसं आलं नाही?

काका भिंतीला टेकून उभे होते. 

दुसऱ्या दिवशी काकूंना जरा बरं वाटलं. मी डबा घेऊन गेले होते. काका कॉटवर त्यांचा हात धरून बसलेले. काकू एकेक शब्द सुटा सुटा करून बोलत होत्या.

"अहो... त्या चाली वाईट नव्हत्या हो."

"कुठल्या चाली? तू बोलू नकोस."

"टँकरवाली तर... फार छान होती. दिवसभर मनात चालली होती माझ्या. तोंडानं म्हणायला... दम कुठे होता?"

"मग सांगायचं नाही का, इंदू?"

"सांगितलं असतं तर... तुम्ही पेटी बंद केली असती. मला घेऊन दवाखान्यात बसला असता. शेठ थांबला असता का?"

काकांच्या चेहऱ्याकडे मला बघवेना. त्यांना ती चाल आठवत नव्हती. नापास म्हणून त्यांनी ती त्याच संध्याकाळी डोक्यातून काढून टाकली होती, नेहमीसारखी, मनापासून. ते खाली वाकले, कान काकूंच्या तोंडापाशी नेला आणि लहान मुलाला विचारावं तसं म्हणाले, "म्हण ना जरा. शब्द नको. नुसतं हूं हूं कर." काकूंनी प्रयत्न केला. नुसता श्वास आला, वाऱ्यासारखा. परत केला. परत श्वासच. मग काकाच म्हणाले, "राहू दे. राहू दे गं. बरी झालीस की म्हण."

त्या बऱ्या झाल्या नाहीत. त्याच आठवड्यात गेल्या. बँकेच्या नोकरीत मी माणसं रडताना पुष्कळ पाहिली आहेत, पण काका रडले नाहीत त्याचाच मला जास्त त्रास झाला.

दिवस-वार झाल्यावर ते इमारतीत घरोघर फिरायला लागले. पांढरा सदरा, हातात काही नाही. दारात उभे राहून विचारायचे, "आमच्याकडून एक चाल ऐकू आली होती का हो? टँकरचे शब्द होते. कुणाला आठवते का?" लोक आत बोलवायचे, खुर्ची द्यायचे आणि आठवायला बसायचे. ज्यांच्या घरात कधी गाण्याचा आवाज उठला नव्हता, ती माणसंही डोळे मिटून गुणगुणायला लागली. ज्योत्स्नाबेन म्हणाल्या, "अंकल, ऐसा था ना कुछ?" आणि त्यांनी म्हटला तो गरबा निघाला. काकांनी तो शेवटपर्यंत ऐकला. कांबळ्यांनी पूर्ण चाल म्हणून दाखवली, आवाज लावून, डोळ्यांत पाणी आणून. काका म्हणाले, "सुंदर आहे, कांबळे. पण ही तुमची आहे. माझी नाही."

मी तर भिंतीला भिंत लावून राहत होते. माझा हात थांबला होता त्या चालीवर. शब्द आठवत होते, सुरुवातीचा चढ आठवत होता, आणि पुढे गेलं की मी भलत्याच गाण्यात शिरत होते. काका माझ्यासमोर बसून म्हणाले, "परत सुरू कर. घाई नाही." मी पुन्हा पुन्हा सुरू केलं. शेवटी त्यांनीच माझ्या डोक्यावर हात ठेवला आणि उठले. त्या दिवशी मी स्वयंपाक केला नाही.

मुहूर्त टळला होता, तरी भोईरशेठ आले. जमिनीवर मांडी घालून बसले.

"मास्तर, दुसरी चाल लावा. तुमाला काय कमी हाय? कोनाला कलनार हाय?"

"मला कळेल ना, शेठ."

"मंग गाना नको शेवटाला. नुसती पेटी वाजवा."

"ती बाई गातेच, शेठ. इतकी वर्षं गप्प राहिलेली बाई गाते, तेवढ्यासाठी तर सगळा सिनेमा. आणि ते गाणं झालं होतं. पास झालं होतं. मी फेकून दिलं."

शेठनी उठताना काकांच्या पायाला हात लावला आणि ते गेले. तो सिनेमा झाला नाही. तसं म्हटलं तर कुणाचं काही अडलं नाही. पण आम्ही तो पाहिला होता, त्या हॉलमध्ये, आणि त्याहून चांगला सिनेमा मी अजून पाहिलेला नाही.

वासंती बापाला बेळगावला न्यायला आली. निघायच्या आदल्या दिवशी दुपारी ती तिकिटांसाठी बाहेर गेली होती, म्हणून मी काकांकडे डोकावले. सामान बांधून झालं होतं. "ये," ते म्हणाले. एंट्रीबद्दल काही बोलले नाहीत. "तिथे बस. माझ्या खुर्चीत. आणि डोळे मीट. मी चहा करून आणतो."

मी बसले, डोळे मिटले. ते आत गेले. नळ वाजला, पातेलं ठेवल्याचा आवाज आला, लायटर दोनतीनदा वाजला. डबा उघडला, मिटला. कपबशा वाजल्या. मग ते दोन कप घेऊन बाहेर आले आणि माझ्यासमोर उभे राहिले.

"काय ऐकू आलं?"

"नळ," मी म्हटलं. "लायटर. कपबशा."

"गाणं?"

"नाही, काका."

"मला पण हेच यायचं ऐकू. रोज. इथेच बसून ऐकायचो." त्यांचा आवाज अगदी साधा होता, हिशेब सांगावा तसा. "गाणारी बाई गायची थांबली, तर बाईला काय झालंय ते उठून बघावं ना माणसानं? आख्खा सिनेमा मी त्याच्यावरच लिहिला होता. आणि मी या खुर्चीत बसून म्हणायचो, चाल वाईट आहे."

मला रडू आवरेना. त्यांनी माझ्या हातात कप दिला, स्वतःचा घेतला, पण दोघांनाही प्यायला झालं नाही. थोड्या वेळानं ते दोन्ही भरलेले कप घेऊन आत गेले. मोरीत चहा ओतल्याचा आवाज आला आणि मग नळ सुरू झाला. तो सुरूच राहिला. दारातून मला त्यांची पाठ दिसत होती, ओट्याशी उभी, हात नळाखाली. पाण्याचा थेंब वाया गेला तर सगळ्या जिन्याला ऐकू जाईल असं ओरडणारी मी, पण तो नळ बंद करायला माझ्याच्यानं उठवलं नाही.